फक्त आवाज

लुका,

तुला 'अहो' म्हणायचं की 'अरे', हे आपल्या इंग्रजीत कधी ठरवावं लागलं नाही. तू माझ्या बाबांपेक्षा मोठा. इचलकरंजीत भेटला असतास तर मी तुला काका म्हटलं असतं आणि तू बस म्हणेपर्यंत उभी राहिले असते. पण आज मला तुझ्याशी भांडायचं आहे, आणि अहो-जाहो करत मला भांडता येत नाही. म्हणून तू.

तुझा जन्म इटलीत कुठे झाला, कुठल्या फिल्मचं कुठे कौतुक झालं, हे तू गेल्यावर दुसऱ्यांनी लिहिलं आहे. चांगलं लिहिलं आहे. मी सगळं वाचलं आणि दर वेळी एकाच जागी अडले. प्रत्येकाने लिहिलंय की लोकांचा तुझ्यावर पटकन विश्वास बसायचा, अनोळखी माणसंही तुझ्या कॅमेऱ्यासमोर मोकळी व्हायची. खरं आहे. ती कशी मोकळी व्हायची, ते मात्र कुणी लिहिलेलं नाही.

ते मी लिहिते आहे. लिहावं की नाही हे अजून नीट ठरत नाहीये, तरी लिहिते आहे. आमच्या घरात कॉलेजात गेलेली मी पहिली. मोठ्या माणसाबद्दल काही बोलायचं तर आधी कुणाला तरी विचारून घ्यायची सवय आहे. गेली दोन वर्षं मी तुलाच विचारायचे.

मी शिकायला आले त्या टिलबर्गच्या डच युनिव्हर्सिटीत, कँटीनबाहेरच्या बोर्डावर तुझी चिठ्ठी होती. मराठी येणारं कुणीतरी हवं, डॉक्युमेंटरीच्या कामासाठी. मी पत्ता शोधत आले तर ती जुनी लोकरीची गिरणी निघाली. वरच्या मजल्यावर तू राहायचास आणि तिथेच काम करायचास. कॉफी ओतता ओतता तू म्हणालास, "इथे पूर्वी माग होते." मी म्हटलं, "आमच्याकडे अजून आहेत. माझे बाबा सायझिंगला आहेत, आई सुताच्या कांड्या भरते." दुसऱ्या कुणी विचारलं असतं की सायझिंग म्हणजे काय. तू विचारलंस, "आवाज किती असतो?"

मी म्हटलं, "आमच्या गल्लीत शांतता झाली तर लोक घाबरून बाहेर येतात. म्हणजे लाइट गेली."

तू इतका हसलास की कॉफी सांडली. मग म्हणालास की फिल्म घरापासून लांब आलेल्या माणसांच्या स्वयंपाकघरांवर आहे, मराठी घरंही हवी आहेत, आणि दुभाषी म्हणून आलेल्या मुलीला माइकही धरावा लागेल, कारण तुझ्याकडे दुसरं माणूस नाही. तुझ्याकडे कधीच दुसरं माणूस नसायचं. कॅमेरा खांद्यावर, दिवे नाहीत, तिकाटणं नाही. "टीव्हीवाले पाच जण येतात तेव्हा घरातली माणसं पाहुणे आल्यासारखी वागतात," तू म्हणायचास. "आपण दोघं गेलो तर चहा मिळतो."

पोट भरायला तू गोदामांच्या जाहिराती करायचास. टिलबर्गच्या बाहेर ती लांबच लांब गोदामं आहेत, त्यांच्या फिरत्या पट्ट्यांचे आणि हसऱ्या कामगारांचे शॉट. सकाळी निघताना म्हणायचास, "आज माझा डोळा भाड्याने दिलाय." संध्याकाळी परत आलास की तोंड धुवायचास, डोळ्यांवर गार पाणी मारायचास, आणि मग स्वतःच्या फिल्मला बसायचास. मला ते फार आवडायचं. बाबाही सायझिंगवरून आले की आधी तसेच डोळे धुतात, सुताला लावायच्या खळीच्या वाफेमुळे. ते धुऊन झाल्यावर त्यांना दुसरं काही करायचं नसतं, एवढाच फरक.

मला काम शिकवलंस ते एक-एक करून. टोकाला माइक असलेली बूमची काठी डोक्यावर कशी धरायची, हात भरून आला तरी कोपर कसं हलू द्यायचं नाही. कुठल्याही घरात गेल्यावर आधी काय ऐकायचं. घड्याळ, पंखा, फ्रिज. आणि सगळ्यात शेवटी रूम टोन. शूटिंग संपलं की सगळ्यांनी जागच्या जागी एक मिनिट गप्प बसायचं आणि त्या खोलीचा स्वतःचा आवाज रेकॉर्ड करायचा. पुढे एडिटिंगमध्ये दोन तुकडे जोडताना मधे ती शांतता भरायला लागते. प्रत्येक खोलीची शांतता वेगळी असते, हे मला तुझ्यामुळे कळलं. फ्रिजची घरघर नको म्हणून तू प्लग काढायचास, आणि परत लावायला विसरू नये म्हणून सायकलची किल्ली फ्रिजमध्ये ठेवायचास. किल्लीशिवाय टिलबर्ग स्टेशनवरून घरी जाता येणार नाही, म्हणजे फ्रिज उघडावाच लागणार. त्या गार किल्लीची मला गंमत वाटायची. कोथिंबीर, दही, सायकलची किल्ली.

एकदा सुट्टीत घरी गेले तेव्हा तू मला छोटा रेकॉर्डर दिला होतास. मी गल्लीतल्या मागांचा आवाज आणला. इथल्या माझ्या मैत्रिणींनी थोडा ऐकला आणि कानावर हात ठेवले. तू डोळे मिटून सगळा ऐकलास, आणि हेडफोन काढून विचारलंस, "यात तुझी आई कुठे आहे?"

मला माहीत नव्हतं. मी परत ऐकलं, पुन्हा ऐकलं. मग सापडली. मागांच्या खटखटीखाली एक बारीक घुरघुर होती, ती मधेच थांबायची आणि परत सुरू व्हायची. धागा तुटला की आई गाठ मारते, तेवढं थांबणं. लहानपणापासून त्या आवाजात झोपले मी, आणि आई त्यात कुठे आहे हे कधी शोधलं नव्हतं. मी रडले, तू कपाटातून बिस्किटं काढून दिलीस. त्या दिवसाबद्दल मी तुझी कायमची आभारी आहे, आणि हे इथेच लिहून टाकते, कारण पुढे लिहायला जमेल असं वाटत नाही.

अ‍ॅमस्टरडॅम झुइडओस्टमध्ये नीलिमाताईंच्या घरी आपण गेलो होतो, आठवतं ना? माझ्या मैत्रिणीची मावसबहीण. पुण्याची दातांची डॉक्टर. नवरा प्रसाददादा आयटीत, त्याच्या नोकरीमुळे हे लोक इथे आले. इथे दात बघायचे तर आधी डच भाषा, मग परीक्षा, मग परत परीक्षा. तेवढ्यात ईशान झाला. तो आता सात वर्षांचा आहे, आईचं मराठी सगळं कळतं त्याला, उत्तर डचमध्ये देतो.

तू दोघांना टेबलाशी बसवलंस. इकडच्या तिकडच्या गप्पा झाल्या. मग प्रसाददादा म्हणाला, "खरं सांगू का, इथे आल्यापासून हिला आराम आहे. पुण्यात क्लिनिक, घर, सासू-सासरे, नुसती पळापळ. आता मजा आहे बाईसाहेबांची!"

"हो ना, मजाच मजा," नीलिमाताई म्हणाल्या आणि हसल्या. "इतकी मजा की रोज भांडी घासताना शिट्टी वाजवते."

सगळे हसले. मी भाषांतर केलं, तूही हसलास. मग तू मला खूण केलीस आणि मी नेहमीचं वाक्य म्हटलं, "आता एक मिनिट कुणी बोलायचं नाही, हलायचं नाही. खोलीचा आवाज घ्यायचाय."

"म्हणजे कॅमेरा बंद?" नीलिमाताईंनी विचारलं.

मी तुला विचारलं. तू कॅमेऱ्यावरून डोळा न काढता म्हणालास, "फक्त आवाज."

"हो ताई, फक्त आवाज," मी म्हटलं.

"मग मी जरा सैल बसते बाई. केव्हाची पोट आत ओढून बसलेय."

ते मिनिट संपलं तेव्हा ईशानने दारातून विचारलं, "क्लार?" झालं का, म्हणून. तू म्हणालास, "क्लार." तू किल्ली काढायला फ्रिज उघडलास आणि मी प्लग लावला.

तुझ्या स्मृतिसभेला टिलबर्गच्या त्या छोट्या थिएटरमध्ये बसायला जागा नव्हती. कॉफी होती, केकचे तुकडे होते, तुझी बहीण आली होती, तिला इंग्रजी येत नव्हतं म्हणून ती सगळ्यांचे नुसते हात धरत होती. मारेइके, जी तुझ्या फिल्म एडिट करते, तिने तुझ्या सगळ्या फिल्ममधले चेहरे एकापुढे एक लावले होते. नदीच्या मुखाशी मासे धरणारा म्हातारा. सीमेवर अडकलेला ट्रक ड्रायव्हर. वृद्धाश्रमातल्या दोन बहिणी. शेवटी नवी, अपुरी फिल्म. पडद्यावर कुणीच बोलत नव्हतं. प्रत्येक जण नुसता बसलेला, आणि चेहऱ्यावर असं काही, जे माणूस दुसऱ्याला कधी दाखवत नाही. लोक रडत होते. माझ्या शेजारचा माणूस म्हणाला, "कसं जमायचं याला?"

मीही रडत होते. मग मला त्या बहिणींच्या मागची भिंत दिसली. भिंतीवर नुसता खिळा होता आणि त्याच्याभोवती गोल फिकट डाग. घड्याळ काढून ठेवलेलं होतं. टिकटिक नको म्हणून. ड्रायव्हरच्या केबिनमधला छोटा पंखा, उन्हाळा असून, बंद. त्या म्हाताऱ्याच्या दाराबाहेर कुणीतरी कुत्र्याचं तोंड हाताने धरून बसलेलं, अगदी कडेला. आणि मग नीलिमाताईंचं स्वयंपाकघर आलं. फ्रिजचा प्लग भिंतीवरून खाली लोंबत होता.

सगळी तीच मिनिटं होती, लुका. सगळ्या फिल्ममध्ये. ज्या चेहऱ्यांवरून लोक तुझं आयुष्यभराचं काम ओळखतात, ते तू माणसांना 'कॅमेरा बंद आहे' असं सांगून घेतलेले होतेस. मराठी माणसांना ते माझ्या तोंडून सांगितलंस.

त्या शॉटमध्ये नीलिमाताई आधी खाली बघतात. अंगठा आणि दोन बोटं जुळवून काहीतरी बारीक धरल्यासारखा हात करतात, टेबलाखाली, नकळत. मग प्रसाददादाकडे बघतात. तो फोन बघतोय. त्या जशा बघतात ते मला इथे लिहायचं नाही. त्यांच्या मागे काठी धरून मी उभी आहे. त्यांच्याकडे बघते आहे, सगळं कळल्यासारखी. कळलंही होतं मला. ते मी कुणाला सांगितलं नसतं.

मी मारेइकेला बाहेर गाठून विचारलं. ती गोंधळली. "तुला माहीत नव्हतं? त्याच्याबरोबर काम करणाऱ्या प्रत्येकाला माहीत होतं."

"मला नव्हतं."

तिने माझ्या दंडाला धरून मला बाजूला घेतलं. मग म्हणाली, "तो म्हणायचा, तिला सांगितलं तर तिच्या चेहऱ्यावर दिसेल. लोक तिच्याकडे बघून निश्चिंत होतात."

मला वाटलं होतं तू मला भाषेसाठी घेतलंस. मग वाटलं होतं, कानासाठी. तू मला माझ्या खरेपणासाठी घेतलंस, आणि तो तू वापरलास. यापेक्षा तू मला मूर्ख समजला असतास तर बरं झालं असतं.

आता सगळं आठवतं. कॅमेऱ्याच्या लाल दिव्यावर तू काळी पट्टी लावायला सांगायचास, दिव्याने माणसं बिचकतात म्हणून. ती पट्टी मी कापून द्यायचे. एकदा मी विचारलंही होतं की नुसता आवाज घ्यायचा तर कॅमेऱ्याला डोळा कशाला लावून ठेवतोस. तू म्हणालास, "हललो तर माझे गुडघे वाजतात." आणि मी हसले. खरंच वाजायचे ना ते. तुझं खोटंसुद्धा खऱ्याच्या इतकं जवळ असायचं की त्यात नेमकं कुठे बोट ठेवायचं कळायचं नाही.

आपलं एक भांडण अर्धं राहिलं आहे. मी म्हटलं होतं, लोकांना फिल्म आधी दाखवायला हवी. तू म्हणालास, "स्वतःला बघितलं की माणूस स्वतःला इस्त्री करायला लागतो." मी म्हटलं, "कपडे त्याचेच आहेत ना?" तू म्हणालास, "छान बोललीस, पुढच्या गुरुवारी उत्तर देतो." पुढच्या गुरुवारी तू हॉस्पिटलमध्ये होतास. मी संत्री घेऊन आले होते, आणि तो विषय काढणं बरं दिसलं नसतं. त्या वेळी तरी सांगायचंस. तुला बोलता येत होतं. तू मला टिलबर्गच्या पावसाबद्दल सांगत बसलास.

आमच्याकडची माणसं शिकलेल्या माणसाला घाबरतात. फॉर्मवर अंगठा ठेव म्हटलं की ठेवतात. आई मला म्हणाली होती, "तू आता तिकडली झालीस, तुला कळतं सगळं, तुला कोण फसवणार." मी तिला अजून हे सांगितलेलं नाही. ती फोनवर तुझ्याबद्दल हळहळते. "बरा होता गं तो बाबा, माझा आवाज ओळखला त्यानं," म्हणते. मी हो म्हणते.

फिल्म पूर्ण करायची असं मारेइकेने ठरवलं आहे. लवकरच दाखवणार. नीलिमाताईंनी शूटिंगला परवानगी दिलेली होती, तेव्हा कायद्याने सगळं ठीक आहे, असं ती म्हणाली. "आणि लुकाचा सगळ्यात चांगला शॉट आहे तो," हेही म्हणाली. मग माझ्याकडे बघून म्हणाली, "पण तू सांगशील तसं करू." मला सबटायटल करायची होती. त्या शॉटला सबटायटल लागत नाहीत. त्या शॉटमध्ये जे आहे ते प्रसाददादाला, त्याच्या आईवडिलांना, इथल्या मराठी मंडळातल्या सगळ्या बायकांना भाषांतराशिवाय कळलं असतं.

मग मी डेन बॉशला गाडी बदलून झुइडओस्टला गेले, प्रसाददादा ऑफिसला गेल्यावर. नीलिमाताईंनी चहा टाकला. मी उभ्या उभ्याच सांगितलं.

त्यांनी गॅस बंद केला. "तू म्हणाली होतीस ना गं, फक्त आवाज?"

"मलाही तेच सांगितलं होतं, ताई."

"ते तुझं तू बघ. मी तुझं ऐकलं होतं. त्या बाबाला मी ओळखत होते का?"

मी पिशवीतून लॅपटॉप काढला.

"दाखव," त्या म्हणाल्या.

मी लॅपटॉप टेबलावर ठेवला, त्याच टेबलावर. त्यांनी ओढणीने हात पुसत ते पाहिलं. संपल्यावर म्हणाल्या, "परत लाव." परत लावलं. या वेळी त्या स्वतःच्या हाताकडेच बघत होत्या, पडद्यावरच्या आणि मग मांडीवरच्या.

"आरसा धरलाय मी," त्या हळूच म्हणाल्या. "दाताचा. बघ ना, करंगळी टेकवलीय, पेशंटच्या हनुवटीवर टेकवतात तशी." मग, "अशी दिसते का मी? रोज?"

"नाही ताई."

"खोटं बोलू नकोस, तुला जमत नाही." त्यांनी लॅपटॉप मिटला. "काढून टाक हे. प्रसादने हे बघायचं तर माझ्या तोंडावर बघायचं, मी समोर बसलेली असताना. लोकांबरोबर पॉपकॉर्न खात नाही. सांगेन मी त्याला. कधी सांगायचं ते मी ठरवेन." चहा गार झाला होता, तो त्यांनी परत गॅसवर ठेवला. "आणि त्यानं किल्ली फ्रिजमध्ये ठेवली होती ना? मी तेव्हाच प्रसादला म्हटलं होतं, हा माणूस काही विसरत नाही हं."

दारापर्यंत आल्या. मी चपला घालत असताना म्हणाल्या, "वाईट होता का गं तो?"

मी म्हटलं, "नाही." आणि मग म्हटलं, "माहीत नाही."

मारेइकेने शॉट काढला. तिला जड गेलं, मलाही गेलं, ते तुला खोटं सांगत नाही. मला माहीत आहे ते काय होतं. दुसऱ्या कुणालाही ते घेता आलं नसतं. तू असतास तर माझ्याशी गुरुवार गुरुवार भांडला असतास, आणि कदाचित मला पटवलंही असतंस. तू नाहीस म्हणून मी जिंकले, आणि असं जिंकणं मला नको होतं.

त्या जागी मारेइकेने दुसरं काही लावलं नाही. प्रसाददादाचं वाक्य संपतं, सगळे हसतात, आणि पडदा काळा होतो. त्या मिनिटाचा आवाज तेवढा ठेवलाय. लांबून मेट्रो जाते. बाहेर कुणीतरी सायकलची घंटी वाजवतं. शेवटी ईशान म्हणतो, "क्लार?" मी नीलिमाताईंना जे सांगितलं होतं ते आता खरं आहे. फक्त आवाज.

पण त्यात अजून एक आहे. हेडफोन लावून ऐकताना मारेइकेला ते सापडलं. मेट्रो गेल्यानंतर, अगदी जवळ, कुणीतरी श्वास धरून ठेवलाय आणि मग हळूच सोडलाय. नीलिमाताई तेव्हा प्रसाददादाकडे बघत असणार. तो श्वास तुझा आहे. माझा हात भरून आला होता आणि माइक तुझ्याकडे झुकला होता, म्हणून तो इतका स्वच्छ आला. तू कुणाच्याच फिल्ममध्ये नाहीस, स्वतःच्याही नाहीस. एवढाच आहेस, आणि हा तुला न विचारता घेतलेला आहे.

मारेइके म्हणाली, हा पुसता येतो, पुसू का? मी तिला थांबायला सांगितलं आहे. म्हटलं, आधी त्याला विचारते.

लुका, ठेवू का?